बोर्डावर नाव छापलेल्या वकिलाला लपवायचं कुठे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुंबईतली तरुण वकील, टोळीविरुद्धचा खटला, तिच्या जिवावर उठलेली माणसं आणि तिला वाचवणारा एकटा पोलीस इन्स्पेक्टर, अशी पटकथा तुम्ही लिहिताय. असं संरक्षण प्रत्यक्षात कसं चालतं आणि मसुद्यात कुठे फिल्मीपणा होतोय, हे तुम्हाला पोलिसाकडून हवंय. मी 32 वर्षं खात्यात काढली. त्यातली 11 वर्षं दुसऱ्यांच्या दारात उभं राहण्यात गेली, आणि त्यात एका विशेष सरकारी वकिलांकडे सलग 14 महिने होतो. म्हणून उत्तर जरा लांबणार आहे.

मसुदा वाचताना हसू एकदाच आलं. तुमचा इन्स्पेक्टर मॅडमना रातोरात लोणावळ्याच्या बंगल्यावर नेऊन ठेवतो, तिथे.

साक्षीदाराला लपवता येतं. त्याला साक्षीच्या दिवसापर्यंत गावाकडे ठेवा, नातेवाइकाकडे ठेवा, चालतं. वकिलाचं तसं नाही. सोमवारी सकाळी 11 ला सत्र न्यायालयात पुकारा झाला की मॅडमना उभं राहावंच लागतं. एकदा तारीख मागता येईल, दोनदा येईल. तिसऱ्यांदा जजसाहेब चष्म्यावरून बघतात. आणि खटला लांबणं हेच टोळीला हवं असेल, तर मॅडम लोणावळ्याला बसल्या म्हणजे टोळीचं अर्धं काम गोळी न झाडता झालं.

यातली खरी गोम बोर्डात आहे. कोर्टाच्या भाषेत बोर्ड म्हणजे त्या दिवशीच्या कामाची यादी: कुठलं मॅटर, कितव्या नंबरवर, कुठल्या कोर्टरूममध्ये. आमच्या वेळी हा कागद कोर्टाबाहेर लावलेला असायचा आणि माणसं त्यावर बोट फिरवत आपलं नाव शोधायची. आता ई-कोर्ट्सच्या साइटवर पुढची तारीख कोणालाही घरबसल्या दिसते. म्हणजे ज्या बाईला मी जपतोय ती कोणत्या दिवशी, किती वाजता, कोणत्या इमारतीच्या कितव्या मजल्यावर असणार, हे सरकारनेच छापून ठेवलेलं असतं. तुमच्या खलनायकाला पोलीस ठाण्यात खबरी पेरायची गरज नाही. तो नऊ पानांचा खबरी-प्रसंग काढून टाका. त्या जागी एक पोरगा चहा पीत मोबाइलवर तारीख बघतोय एवढंच दाखवा, पोलिसांच्या अंगावर काटा येईल.

त्यामुळे आमचं काम उरतं ते या टोकाच्या अलीकडचं आणि पलीकडचं. 11 ला मॅडम कुठे असतील हे मला माहीत आहे आणि त्यालाही. पण 11 च्या आधीचा दीड तास माझ्या हातात असतो. घरातून किती वाजता निघायचं, कुठल्या रस्त्याने, गाडी कुठल्या दारात लावायची, कोर्टात कोणत्या जिन्याने चढायचं. हे रोज बदलायचं. ऐकायला सोपं वाटतं. प्रत्यक्षात माणूस आठवडाभरात कंटाळतो आणि म्हणतो, ‘अहो, आज नेहमीच्याच रस्त्याने चला ना, उशीर झालाय.’ ज्याचा जीव धोक्यात आहे तोच असं म्हणतो, हे लक्षात ठेवा.

हल्ले कुठे झालेत ते बघा म्हणजे पटेल. अ‍ॅम्स्टरडॅममध्ये 18 सप्टेंबर 2019 ला डेर्क वीरसुम या वकिलांना सकाळी स्वतःच्या घरासमोर गोळ्या घातल्या. मोठ्या ड्रग टोळीविरुद्धच्या खटल्यात माफीच्या साक्षीदाराचे ते वकील होते. आपल्याकडे शाहिद आझमी यांना 11 फेब्रुवारी 2010 ला कुर्ल्याला त्यांच्याच ऑफिसात मारलं. 26/11 च्या खटल्यात फहीम अन्सारीचे ते वकील होते. गुलशन कुमार वकील नव्हते, पण 12 ऑगस्ट 1997 ला अंधेरीत मारेकरी थांबले होते ते त्यांच्या नेहमीच्या मंदिराबाहेर. सिसिलीतले सरकारी वकील पाओलो बोर्सेलिनो यांच्याबरोबर तर पोलिसांचं पथक होतं. 19 जुलै 1992, रविवार, ते आईला भेटायला गेले. तिच्या इमारतीसमोर लावलेल्या गाडीत स्फोटकं होती. ते गेले आणि बरोबरचे पाच पोलीसही गेले. पाठलाग यातल्या कशातच नाही. घराचं फाटक, ऑफिस, मंदिर, आईचं घर. मारेकरी पाठलाग करत नाही, तो आधीच जाऊन थांबलेला असतो. तुमच्या मसुद्यात पूर्व द्रुतगती मार्गावर 14 मिनिटांचा पाठलाग आहे. ठेवायचा तर ठेवा, निर्मात्याला आवडेल. पण प्रेक्षकाला खरी भीती सोसायटीच्या लिफ्टपाशी घाला.

आता इन्स्पेक्टरचं. वकिलाला अंगरक्षक म्हणून इन्स्पेक्टर सहसा मिळत नाही. मिळतो तो शिपाई किंवा हवालदार, सफारीत, कमरेला 9 एमएम पिस्तूल, मॅगझीनमध्ये 13 गोळ्या. इशापूरच्या कारखान्यातलं ते पिस्तूल दणकट आहे, पण शर्टाखाली ते लपत नाही, म्हणून तर सफारी. चोवीस तासांचं संरक्षण मंजूर झालं की कागदावर एक माणूस दिसतो. प्रत्यक्षात पाळ्या, साप्ताहिक सुटी आणि रजा धरल्या तर तीन लागतात, आणि तिघांचं मॅडमशी नातं वेगवेगळं असतं. एकाला त्या घरचा चहा देतात, दुसऱ्याला बाहेर खुर्ची. मला त्या सरकारी वकिलांच्या घरातली पोरं ‘पोलीसकाका’ म्हणायची. माझ्या रिलीव्हरला ती फक्त ‘ते दुसरे’ म्हणायची, आणि त्याला ते लागायचं.

हे संरक्षण मिळतं कसं, हेही मसुद्यात चुकलंय. आयुक्तसाहेब फोनवर ‘झेड सिक्युरिटी द्या’ असं म्हणत नाहीत. अर्ज येतो, स्थानिक पोलीस ठाणं आणि गुप्तवार्ता विभागाकडून धोक्याचा अहवाल मागवला जातो, समिती बसते, आणि मग एक्स, वाय, झेड यातलं काय द्यायचं किंवा काहीच द्यायचं नाही ते ठरतं. तातडी असेल तर वरिष्ठ आधी माणूस पाठवतात, कागद मागून येतो. अहवाल लिहिणाऱ्याला धमकीचा पुरावा हवा असतो: नंबर, तारीख, रेकॉर्डिंग. खरा मारेकरी धमकी देत नाही, ही अडचण सगळ्यांना ठाऊक असते, पण अहवालात तो रकाना रिकामा सोडता येत नाही.

इथे कायद्यातला एक बारीक काटा आहे आणि तो कथेसाठी सोन्यासारखा आहे. साक्षीदारांसाठी योजना आहे. सर्वोच्च न्यायालयाने 5 डिसेंबर 2018 ला महेंदर चावला प्रकरणात ती देशभर लागू केली. तिच्यात धोक्याचे अ, ब, क असे वर्ग आहेत, जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली समिती आहे, पोलिसांनी कामकाजाच्या पाच दिवसांत अहवाल द्यायचा आहे, आणि संरक्षणाचा आदेश एका वेळी तीन महिन्यांपुरता असतो. महाराष्ट्राने तर 2017 मध्येच साक्षीदारांसाठी स्वतंत्र कायदा केला. पण वकील साक्षीदार नाही. मॅडम ज्या साक्षीदाराची सरतपासणी घेणार त्याला योजना आहे, मॅडमना नाही. राजस्थानने 2023 मध्ये वकिलांच्या संरक्षणाचा कायदा केला, त्याच वर्षी कर्नाटक विधिमंडळानेही केला. जानेवारी 2024 मध्ये राहुरीत वकील दांपत्याची हत्या झाली, तेव्हा आपल्याकडच्या वकिलांनी हीच मागणी घेऊन कामकाजावर बहिष्कार टाकला होता.

आणि गंमत बघा. तुमच्या पहिल्या हल्ल्यात मॅडम वाचतात आणि मारेकऱ्याचा चेहरा बघतात. त्या क्षणी त्या साक्षीदार झाल्या. आता योजना त्यांना लागू होईल. पण तो हल्ला मूळ खटल्यातल्याच कटाचा भाग म्हणून त्याच दोषारोपपत्रात आला, तर ज्या खटल्यात आपण साक्षीदार आहोत त्यात वकील म्हणून उभं राहू नये, हा त्यांच्या व्यवसायाचा नियम आडवा येतो. म्हणजे नेम चुकूनही टोळीने वकील बाजूला केला. तुमचा खलनायक हुशार दाखवायचाय ना? तो हे बोलेल, शांतपणे, जेवताना.

मसुद्यात मॅडम सरकार पक्षाच्या आहेत. मी तुमच्या जागी असतो तर त्यांना बचाव पक्षाच्या केलं असतं. सरकारी वकील आणि पोलीस एकाच बाजूचे, तिथे ताण बाहेरूनच येतो. बचावाच्या वकिलाला धमकी आली तर संरक्षण द्यायला पाठवतात पोलिसालाच, आणि दुपारी त्या वकिलाने उलटतपासणीत फाडायचं असतं तेही पोलिसाला, कदाचित या शिपायाच्या जुन्या साहेबालाच. मार्च 2009 च्या अखेरीस कसाबसाठी कोर्टाने वकील नेमल्या, तर त्यांच्या वरळीच्या घरासमोर जमाव घोषणा देत आला. तिथे बंदोबस्ताला उभे असलेले पोलीस कोण? काही महिन्यांपूर्वी ज्यांनी आपले सहकारी गमावले होते तेच. त्यांच्या मनात काय चाललं असेल, यावर अख्खा सिनेमा होतो.

मग येतो दाराचा प्रश्न. तुमचा इन्स्पेक्टर अशिलाबरोबरच्या बैठकीत मॅडमच्या शेजारी खुर्ची टाकून बसतो. तसं होऊ शकत नाही. वकील आणि अशील यांच्यातलं बोलणं गोपनीय असतं; पूर्वी पुराव्याच्या कायद्याचं कलम 126 होतं, 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचं 132 आहे. वकिलाचा कारकून, दुभाषी, ऑफिसातली माणसं त्या गोपनीयतेत येतात. अंगरक्षक पोलीस येत नाही. तो आत बसला तर उद्या त्यालाच विचारतील की काय ऐकलंस. म्हणून मी बाहेर.

पण बाहेर म्हणजे किती बाहेर? मी ज्यांच्याकडे होतो त्या वकीलसाहेबांच्या चेंबरला लाकडी दार होतं. पहिल्या आठवड्यातच मी म्हटलं, साहेब, आत कोण आलंय ते मला दिसलं पाहिजे, ऐकू आलं नाही तरी चालेल. त्यांनी दाराची वरची फळी काढून काच बसवून घेतली. पुढचे 14 महिने मी माणसांची तोंडं हलताना बघितली आणि एक शब्द ऐकला नाही. काचेतून बघायचं काय, तर हात. चेहऱ्यावरून काही कळत नाही; कोर्टकचेरीत सगळ्यांचेच चेहरे धास्तावलेले असतात. हात टेबलावर आहेत का, फाइल कोणत्या हाताने काढली, पिशवी मांडीवर का घेतलीय. एकदा एका म्हाताऱ्याने सदऱ्याच्या आत हात घातला आणि मी दार ढकलून आत. त्याने काढला सुपारीचा अडकित्ता. साहेब हसले, म्हातारा घाबरला, मी सॉरी म्हणून बाहेर आलो. असे प्रसंग महिन्याला दोन-तीन व्हायचे. ज्या अंगरक्षकाचं असं हसं होत नाही, तो बघत नाही असं समजावं.

दुसरी गोष्ट म्हणजे वही. अंगरक्षकाला आपल्या हालचालींची नोंद ठेवावी लागते: किती वाजता कुठे नेलं, किती वाजता परत आणलं. बचावाच्या वकिलाच्या दृष्टीने ही वही म्हणजे ती कोणाला भेटली याची पोलिसांकडे रोज जाणारी यादीच. साक्षीदाराला भेटायला जायचं असेल तर ती मला सांगेल का? आणि सांगितलं नाही, एकटीच रिक्षाने गेली, तर मी जपणार कोणाला? तुमच्या दोन मुख्य पात्रांमधलं भांडण इथे आहे, मसुद्यात आहे तसं ‘तुम्ही मला हुकूम सोडू नका, इन्स्पेक्टर’ यात नाही.

कोर्टाच्या आवाराबद्दल. तुम्ही कोर्ट सुरक्षित जागा म्हणून दाखवलंय, तिथे पोचलं की नायक सुटकेचा श्वास टाकतो. 24 सप्टेंबर 2021 ला दिल्लीच्या रोहिणी कोर्टात जितेंद्र गोगी या गुंडाला भर कोर्टरूममध्ये मारलं. मारणारे दोघे वकिलाच्या वेशात आले होते. पोलिसांनी दोघांना तिथेच ठार केलं, पण गोगी गेला तो गेलाच. काळा कोट, पांढरा बँड आणि बगलेत फाइल असलेली शेकडो माणसं जिथे घाईत फिरतात, तिथे कोणाला अडवणार? मी एक सवय लावून घेतली होती. बुटांकडे बघायचो. रोज कोर्टात येणाऱ्या वकिलाचे बूट झिजलेले आणि पॉलिश केलेले असतात. नव्या कोऱ्या कोटाखाली स्पोर्ट्स शूज दिसले की मी साहेबांच्या आणि त्या माणसाच्या मध्ये यायचो. दहातले नऊ नुकतीच सनद मिळालेली पोरं निघायची.

आता गोळीबार, ज्याची तुम्ही वाट बघताय. तुमचा नायक हल्ला होताच पिस्तूल उपसून तिघांना आडवं करतो. अमेरिकेतल्या सॉल्ट लेक सिटीचे पोलीस डेनिस ट्यूलर यांनी 1983 मध्ये एक हिशेब मांडला: चाकू घेतलेला माणूस 21 फूट अंतर साधारण दीड सेकंदात कापतो, आणि होल्स्टरमधून हत्यार काढून नेम धरायला तयार पोलिसालाही जवळपास तेवढाच वेळ लागतो. फोर्टातल्या फुटपाथवर 21 फूट मोकळी जागा मिळते कुठे? म्हणून आमचा क्रम वेगळा. आधी माणूस खाली दाबायचा, मग त्याला आडोशाला ओढायचं, मग गाडीत. हत्यार त्यानंतर, आणि तेही समोर गर्दी नसेल तर. 12 सप्टेंबर 1992 ला जे. जे. रुग्णालयात टोळीने एके-47 घेऊन वॉर्डात घुसून जखमी गुंडाला मारलं, तेव्हा पहाऱ्यावरचे दोन पोलीसही मारले गेले. तेव्हा मी नोकरीत नवा होतो. रात्रीच्या पहाऱ्याला बसताना पाठ भिंतीला लावायची सवय तेव्हापासूनची, घरी जेवतानासुद्धा सुटलेली नाही. आणि 12 ऑक्टोबर 2024 ला, दसऱ्याच्या दिवशी, वांद्र्यात बाबा सिद्दीकींवर फटाक्यांच्या आवाजात गोळ्या झाडल्या, तेव्हा बरोबर पोलीस अंगरक्षक होता. तुमच्या कथेत गणपतीची मिरवणूक आहे. तिथे नायकाने बंदुकीचा आवाज ओळखला असं दाखवू नका. ढोलताशात आणि सुतळी बॉम्बमध्ये तो कोणालाच ओळखू येत नाही.

तिघांना आडवं केल्यानंतरचं तर तुम्ही लिहिलेलंच नाही. पुढच्याच प्रसंगात तो तेच पिस्तूल घेऊन गोदामात घुसतो. 23 सप्टेंबर 2014 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाप्रमाणे पोलिसांच्या गोळीने माणूस मेला की गुन्हा नोंदवायचा, तपास सीआयडीने किंवा दुसऱ्या पोलीस ठाण्याने करायचा, आणि हत्यार तपासणीसाठी जमा करायचं. मॅजिस्ट्रेटची चौकशी वेगळी. लगेच शौर्यपदक नाही, बढती नाही. तो निकाल महाराष्ट्र सरकारविरुद्धच्याच प्रकरणातला आहे, मुंबईतल्या चकमकींवरून निघालेला. म्हणजे मध्यंतरानंतर तुमचा नायक रिकाम्या होल्स्टरचा, जबाब देत फिरणारा माणूस आहे, आणि त्याच्या बाजूने पहिली साक्ष देऊ शकणारी एकच व्यक्ती आहे: मॅडम. गोदामाच्या प्रसंगापेक्षा हे मला जास्त आवडलं असतं.

गाडीचे दोन-तीन तपशील झटपट. मॅडम मागे डावीकडे, अंगरक्षक पुढे ड्रायव्हरच्या डावीकडे, म्हणजे उतरताना दार त्याच्या हाताशी. सिग्नलला पुढच्या गाडीची मागची चाकं दिसतील इतकं अंतर ठेवून थांबायचं, नाहीतर बाहेर काढायला गाडी वळत नाही. सगळ्यात वाईट महिने पावसाळ्याचे: छत्रीमुळे हात दिसत नाहीत, रेनकोटमुळे कंबर दिसत नाही आणि हेल्मेटमुळे चेहरा.

माझी स्वतःची चूक विचारलीत म्हणून सांगतो. नवव्या महिन्यात एका संध्याकाळी साहेबांच्या इमारतीची लिफ्ट बंद होती. मी आधी जिना तपासून यायला हवं होतं. त्यांना गुडघ्याचा त्रास, मी त्यांची बॅग माझ्या हातात घेतली, उजव्या हातात. दुसऱ्या मजल्याच्या वळणावर अंधारात दोन पोरं बसलेली. उठली. माझा उजवा हात बॅगेत अडकलेला. ती पोरं सिगारेट ओढायला बसली होती, ‘नमस्कार काका’ म्हणून बाजूला झाली. साहेबांना काही कळलंसुद्धा नाही, ते उद्याच्या अर्जाबद्दल बोलतच होते. वर पोचल्यावर मी बॅग ठेवली आणि त्यांना म्हटलं, साहेब, उद्यापासून बॅग तुमची तुम्ही घ्यायची. त्यांना ते उद्धट वाटलं, दोन दिवस धड बोलले नाहीत. नायकाच्या हातात मॅडमची फाइल, पर्स किंवा छत्री दाखवलीत तर खात्यातला प्रत्येक माणूस थिएटरात चुळबुळेल.

शेवटाबद्दल तुम्ही दोन पर्याय दिलेत: खलनायक मरतो किंवा नायक. मी तिसरा सांगतो, तो माझ्या डोळ्यांसमोर झालाय. निकाल लागला, आरोपींना शिक्षा झाली, साहेबांचे फोटो पेपरात आले. चार महिन्यांनी आढावा झाला आणि धोका कमी झाल्याचा अहवाल गेला. अपील उच्च न्यायालयात पडून होतं, टोळीतले दोघे अजून फरार होते, पण रकान्यात नवी धमकी नव्हती. शुक्रवारी दुपारी ड्युटी बंद झाल्याचा आदेश आला. मी वहीत शेवटची वेळ लिहिली, पिस्तूल जमा करायला निघालो. साहेब खिडकीशी उभे होते. म्हणाले, ‘सोमवारी बोर्डावर माझं तेविसाव्या नंबरला आहे.’ सवयीने सांगितलं त्यांनी, इतके महिने रोज संध्याकाळी सांगायचे तसं. मी सवयीने विचारलं, ‘किती वाजता निघायचं, साहेब?’